खामगावच्या वकिलाचं सोंग

मैत्रिणींनो, महाराष्ट्रगीत म्हटलं की आता सगळ्यांना राजा बढे आठवतात. २०२३ साली त्यांचं गीत राज्यगीत झालं. पण आपल्या पिढीतल्या अनेकजणी शाळेत प्रार्थनेनंतर एक दुसरंही महाराष्ट्रगीत म्हणायच्या. राजा बढ्यांच्या कितीतरी आधीचं, चालीला जरा अवघड, शेवटच्या कडव्यापर्यंत दम पुरवावा लागणारं. ते लिहिणाऱ्याचं नाव सांगा म्हटलं तर आमच्या नांदगाव पेठच्या महिला मंडळात चौघींनी चार नावं सांगितली आणि चारही चुकली. ते लिहिलं श्रीपाद कृष्ण कोल्हटकरांनी. आणि हे कोल्हटकर पुण्यामुंबईचे नव्हेत बरं का, ते आपल्या वऱ्हाडातले वकील. अकोल्यात शिकले, अकोल्यातच सनद घेऊन बसले, मग खामगावला आणि पुढे जळगाव जामोदला वकिली केली.

गीताचं निमित्त झालं, पण मला आज सांगायचं आहे ते त्यांनी घेतलेल्या एका सोंगाबद्दल. दशावतारात घेतात तसलं नव्हे. कागदावरचं सोंग.

कोल्हटकरांचा जन्म २९ जून १८७१ चा, नागपूरचा. त्या काळच्या रीतीप्रमाणे मॅट्रिक व्हायच्या आधीच, पंधराव्या वर्षी, त्यांचं लग्न लावून दिलं गेलं. आज पंधरा वर्षांचा मुलगा घरात असला की त्याला दूध आणायला पाठवतानाही आपण चारदा बजावतो. त्या वयात हे महाशय बोहल्यावर उभे होते. नवरी त्याहून लहान असणार हे वेगळं सांगायला नको. १८८८ साली ते अकोल्यातून मॅट्रिक झाले आणि पुण्याला डेक्कन कॉलेजात गेले. १८९१ साली पदवीधर झाले.

ती तीन वर्षं पुण्यात कशी होती ते थोडं सांगते, कारण त्याशिवाय पुढचं कळायचं नाही. राणी व्हिक्टोरियाचं राज्य. वर साहेबाचे रीतिरिवाज, खाली आपले. दोन्ही सारखेच ताठ. ऑक्टोबर १८९० मध्ये पुण्यातली काही मोठी मंडळी पंचहौद मिशनमध्ये एका कार्यक्रमाला गेली. न्यायमूर्ती रानडे होते, टिळक होते. कार्यक्रम झाल्यावर समोर चहा-बिस्किटं आली. कोणी घेतली, कोणी नुसताच कप हातात धरला. आपल्या डॉक्टर आनंदीबाईंचे यजमान गोपाळराव जोशी, भारी कळलावे गृहस्थ, त्यांनी हजर असलेल्यांची नावं वर्तमानपत्रात छापून आणली. झालं! मिशनऱ्यांच्या घरी चहा प्यायलात म्हणजे धर्म बुडाला. प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेलं, चौकशी बसली, ग्रामण्य झालं, प्रायश्चित्तं घ्यावी लागली. घरात लग्नकार्य आलं की भटजी मिळेनात, पंगतीला कोणी बसेना. एका कपभर चहासाठी! हे दोन वर्षं चाललं. त्याच सुमारास संमतिवयाच्या कायद्याचा वाद पेटला होता. मुलीचं संमतीचं वय दहावरून बारा करायचं, एवढीच मागणी, आणि त्यावरूनही पुणं दोन तट पडून भांडत होतं. कायदा १८९१ साली झाला.

कोल्हटकर तेव्हा वीस वर्षांचे विद्यार्थी होते. मोठमोठे विद्वान चहाच्या कपावरून शास्त्रार्थ करताहेत आणि दहा-बारा वर्षांच्या मुलीचं दुःख मात्र कोणाच्या पंचांगात बसत नाही, असं ते पुणं होतं. अशा वेळी दोनच गोष्टी करता येतात. रडायचं, नाहीतर हसायचं. गोविंद बल्लाळ देवलांनी रडवलं. म्हाताऱ्याशी लग्न ठरवलेल्या पोरीची कथा त्यांनी ‘शारदा’ नाटकात मांडली (१८९९) आणि थिएटरातल्या बायका पदरात तोंड घालून रडल्या. कोल्हटकरांनी हसायचं ठरवलं. मला विचाराल तर हसणं जास्त अवघड. रडणाऱ्याला लोक जवळ घेतात, हसणाऱ्याला झोडपतात.

मग त्यांनी काय केलं? मुखवटा घेतला.

पण त्याआधी जरा लंडनला जाऊन येऊ. १४ फेब्रुवारी १८९५ ला तिथे ऑस्कर वाइल्डचं एक नाटक लागलं, ‘द इम्पॉर्टन्स ऑफ बीइंग अर्नेस्ट’. कथा अशी की एक सभ्य गृहस्थ गावाकडे जॅक म्हणून राहतो. पण शहरात मजा मारायला जायचं तर निमित्त हवं, म्हणून त्याने अर्नेस्ट नावाचा एक उनाड धाकटा भाऊ पैदा केलेला. त्याला ताळ्यावर आणायला जातो असं घरी सांगायचं आणि शहरात स्वतःच अर्नेस्ट होऊन हिंडायचं. त्याच्या मित्राने याच कामासाठी एक कायमचा आजारी दोस्त शोधून काढलेला. गंमत म्हणजे दोघांच्या प्रेयसी हटून बसल्या आहेत की लग्न करीन तर अर्नेस्ट नावाच्या माणसाशीच. अर्नेस्ट हे नाव, आणि त्याचा अर्थ मनापासून वागणारा. म्हणजे आपल्याकडे खोटं बोलून बोलून कोणी ‘खरे’ आडनाव मिळवावं, तसं.

त्यात मुलीची आई मुलाची परीक्षा घेते तो प्रसंग वाचताना मी एकटीच हसत होते. उत्पन्न किती, घर कुठल्या भागात, आईबाप कोण. मुलगा बिचारा रेल्वे स्टेशनवर एका पिशवीत सापडलेला. संपली सोयरीक! व्हिक्टोरियन साहेबाची घरंदाजी आणि आपली घरंदाजी, फरक फक्त टोपी आणि पगडीचा. बाकी तिकडे परीक्षा मुलाची होते आणि इकडे मुलीची, एवढाच काय तो.

वाइल्डचं पुढे वाईट झालं. नाटक गाजत असतानाच त्याच्यावर खटला झाला, दोन वर्षं तुरुंगवास झाला, १९०० साली तो पॅरिसमध्ये गेला तेव्हा शेहेचाळीस वर्षांचा होता. दुसऱ्यांच्या मुखवट्यांना हसणाऱ्या माणसाचा स्वतःचा मुखवटा समाजाने ओरबाडून काढला.

त्याच्या नाटकानंतर वर्षभरात, १८९६ साली, इकडे किर्लोस्कर नाटक मंडळीने कोल्हटकरांचं पहिलं नाटक ‘वीरतनय’ रंगभूमीवर आणलं. दोघांनी एकमेकांचं काही पाहिलं-वाचलं असं माझं म्हणणं नाही. पण हवा तीच होती. नियम ताठ झाले की माणसं सोंगं घेतात, आणि सोंगं वाढली की कोणीतरी विनोदी लिहायला बसतं.

१८९७ साली कोल्हटकर एल्‌एल.बी. झाले आणि वऱ्हाडात परतले. पुण्यात राहिले असते तर जास्त नाव झालं असतं असं मला कधीकधी वाटतं. पण मग सुदामा जन्मला असता का, हेही कळत नाही. वऱ्हाड तेव्हा कापसाचा मुलूख. खामगावची कापसाची बाजारपेठ लांबलांब माहीत होती. पैसा होता, सावकारी होती, आणि म्हणून कोर्टात खटलेही होते. वकिलाइतकी सोंगं कोण पाहतो? गीता हातात घेऊन खोटं बोलणारा साक्षीदार, गरीब दिसणारा सावकार, भांडण विसरल्याचं दाखवणारे भाऊ. कोल्हटकरांच्या विनोदी लेखनाची सुरुवात झाली ती १९०२ साली ‘विविधज्ञानविस्तार’ मासिकातून, आणि त्या पहिल्या लेखाचं नावच मुळी ‘साक्षीदार’. मला हे फार बोलकं वाटतं.

या लेखांमधून त्यांनी तीन माणसं उभी केली. सुदामा, बंडूनाना आणि पांडूतात्या. मराठी विनोदातलं हे पहिलं गाजलेलं त्रिकूट. पुढे चिं. वि. जोशींचा चिमणराव आला, गुंड्याभाऊ आला, ते सगळे यांचेच वंशज. हे तिघे पक्के जुन्या वळणाचे. शकुन-अपशकुन मानणारे, मुहूर्ताशिवाय पाऊल न टाकणारे, सोवळ्याचा अभिमान असणारे, सुधारकांच्या नावाने बोटं मोडणारे. आणि सगळं सांगणारा ‘मी’ म्हणजे सुदामा. बी.ए., एल्‌एल.बी. झालेला सुधारक वकील स्वतःला बाजूला ठेवून या भोळ्या सनातन्याच्या तोंडून बोलायला लागला. हेच ते सोंग.

यातली खुबी काय ते आपल्या गावच्या भाषेत सांगते. हे उदाहरण माझं आहे, पुस्तकातलं नव्हे. समजा, हुंडा वाईट असं सांगायचं आहे. मी भाषण केलं तर तुम्ही माना डोलवाल आणि घरी जाऊन भाचीच्या लग्नात मोटारसायकल द्यायची की सोनं याचा हिशोब कराल. पण आमच्या गल्लीतले एखादे काकाजी ओट्यावर बसून हुंड्याचे फायदे सांगायला लागले तर? हुंडा दिला की बापाला मुलीची आठवण राहते, कारण कर्जाचं व्याज दर महिन्याला भरावं लागतं. जावयाची किंमत समजते, नाहीतर एरवी ती कशावरून समजणार? वावर विकावं लागतं, त्यामुळे पेरणीची कटकट कायमची मिटते. काकाजी अगदी मनापासून बोलताहेत, आणि ऐकणारा हसता हसता एकदम गप्प होतो. कोल्हटकरांचा सुदामा हे करतो. तो रूढीवर टीका करत नाही, तो तिची बाजू घेतो. इतक्या प्रेमाने घेतो की रूढीच उघडी पडते. त्यांनी चोरांचंसुद्धा संमेलन भरवलं आहे, आपल्याकडच्या सभा-संमेलनांत होतं तसंच सगळं तिथे होतं. सभ्य माणसांची सभा आणि चोरांची सभा यांत फरक कुठे, ते वाचणाऱ्याने शोधावं.

१९१० साली अठरा लेखांचं पुस्तक निघालं, ‘सुदाम्याचे पोहे अर्थात अठरा धान्यांचे कडबोळे’. १९२३ साली लेख वाढून बत्तीस झाले आणि पुस्तक झालं ‘साहित्य-बत्तिशी’. नावातही बायकांच्या फराळाच्या डब्याचा वास आहे की नाही? सुदाम्याने कृष्णाकडे नेले ते मूठभर पोहे, गरिबाघरचे. आपल्याकडे पोह्यांचा दुसराही अर्थ आहे, तो मात्र आपल्यालाच माहीत. पाहुणे मुलगी पाहायला येतात तेव्हाचे पोहे.

आता मी त्या पोह्यांवरच येते. कोल्हटकरांच्या एका नाटकाचं नाव आहे ‘वधूपरीक्षा’ (१९१२). शंभरावर वर्षं झाली या नावाला, आणि परीक्षा काही संपली नाही. आमच्या शेजारची एक लेक अमरावतीला बँकेत नोकरी करते. मागच्या वर्षी तिला पाहायला पाहुणे आले तेव्हा घरातल्यांनी तिचा चष्मा काढून ठेवायला लावला. बिचारीला समोरचा मुलगा नीट दिसलाच नाही! तो काळा की गोरा, हे तिने नंतर आईला विचारलं. बायोडाटात लिहिलं होतं की तिला स्वयंपाकाची आवड आहे. तिला आवड आहे ती हिशोबाची. सांगा, लंडनचा तो अर्नेस्ट आणि आमची ही मुलगी यांत फरक काय? त्याने सोंग घेतलं ते मौजेसाठी. हिला ते घ्यायला लावलं.

आणि नावाचं म्हणाल तर आपण सगळ्याजणीच अर्नेस्ट. माझ्या लग्नात ताटात तांदूळ पसरले आणि अंगठीने त्यावर नवं नाव लिहिलं गेलं. माहेरचं चार अक्षरांचं गेलं, दोन अक्षरांचं आलं. कोणी विचारलंही नाही. पहिले काही महिने सासूबाई हाक मारायच्या आणि मी मागे वळून पाहायची की कोणाला बोलावताहेत. एकदा दूध उतू गेलं त्यापायी! आता हसू येतं. तेव्हा येत नव्हतं.

कोल्हटकरांच्या नाटकांचे विषय पाहिले तर हा माणूस कोणाच्या बाजूने उभा होता ते कळतं. दारूपायी घराची होणारी दैना, स्त्रीशिक्षण, विधवांचा पुनर्विवाह. ‘मूकनायक’मध्ये तर नायक मुक्याचं सोंग घेतो, आणि विषय मद्यपानाचा. १९०१ साली किर्लोस्कर मंडळीने ते केलं. राणी व्हिक्टोरियाही त्याच वर्षी वारली. ‘मतिविकार’ (१९०६) पुनर्विवाहावरचं. पारशी नाटकांतल्या चाली त्यांनी मराठी संगीत नाटकात आणल्या, त्यामुळे पदं ताजी वाटत, लोक गुणगुणत घरी जात. आणि गंमत पाहा, स्त्रीशिक्षणावर बोलणाऱ्या त्या नायिकांच्या भूमिका पुरुषच करायचे. बाईने रंगमंचावर उभं राहणं शिष्टाचारात बसत नव्हतं. बाईची बाजू मांडायची तीही मिशा काढलेल्या पुरुषाने! सोंगातलं सोंग ते हेच.

त्यांच्या नाटकांचं फार कौतुक मात्र मी करणार नाही. मी दोन-तीन वाचली, एक अर्ध्यावर सोडलं. कथानकात इतके वेष, इतकी रहस्यं, इतक्या पेट्या आणि पत्रं की कोण कोणाचा मुलगा हे कागदावर लिहून ठेवावं लागतं. कोट्या तर विचारूच नका. राजकन्याही कोटी करते आणि तिची दासीही, दोघींची भाषा एकच. पात्रं बोलत नाहीत, कोल्हटकरच बोलतात. म्हणून ती नाटकं आता कोणी करत नाही, आणि त्याचं वाईटही वाटत नाही. पोहे मात्र अजून शिळे झाले नाहीत.

एक आणखी सांगते. त्यांच्या लेखनातलं घर हे बहुतेक पांढरपेशाचं घर आहे. सोवळं, पंगत, भटजी, मानपान. त्याच खामगावच्या बाजारात ज्या बायकांनी वेचलेला कापूस येत होता, त्यांचं घर त्यात फारसं दिसत नाही. वकिलाच्या खिडकीतून जेवढं दिसलं तेवढं आलं. पण ज्या घरात ते स्वतः वाढले त्याच घराला हसले, हे काही थोडं नाही. दुसऱ्याच्या घराला कोणीही हसतं.

या मुखवट्याचं बीज पुढे बरंच रुजलं. राम गणेश गडकरी त्यांना गुरू मानायचे. गडकऱ्यांनी विनोदी लेखनासाठी ‘बाळकराम’ हे नाव घेतलं, म्हणजे शिष्यानेही गुरूसारखंच सोंग घेतलं. गडकरी १९१९ साली, चौतिसाव्या वर्षी गेले. वि. स. खांडेकरही स्वतःला कोल्हटकरांचे शिष्य म्हणवत. म्हणजे ज्ञानपीठ मिळवणारा पहिला मराठी लेखक आणि ‘एकच प्याला’ लिहिणारा नाटककार, दोघांचे गुरू आपल्या वऱ्हाडातले. हे आपल्या पोरांना शाळेत कोणी सांगतं का?

वकिली चालू होती, लिहिणं चालू होतं, शिवाय ज्योतिर्गणितावरही त्यांनी पुस्तक लिहिलं. मुहूर्तवाल्यांची टिंगल करणारा माणूस ग्रहांचं गणित स्वतः मांडत होता, हे मला फार आवडतं. नुसतं हसायचं नाही, आधी शिकायचं. १९२५ च्या सुमाराला त्यांनी कादंबऱ्याही लिहिल्या. एकीचं नाव ‘दुटप्पी की दुहेरी’. बघा, पन्नाशी ओलांडली तरी हा विषय त्यांना सोडत नव्हता. माणूस दुतोंडी असतो, की त्याची दोन्ही रूपं खरीच असतात? १९२७ साली पुण्याच्या मराठी साहित्य संमेलनाचं अध्यक्षपद त्यांच्याकडे आलं. ज्या पुण्यात विद्यार्थी म्हणून गेले होते तिथेच.

१९२९ साली बालविवाहाला बंदी घालणारा शारदा कायदा झाला. मुलीचं लग्नाचं वय चौदा ठरलं, मुलाचं अठरा. पंधराव्या वर्षी बोहल्यावर चढलेल्या कोल्हटकरांनी तोही काळ पाहिला. हुंड्याविरुद्धचा कायदा यायला मात्र १९६१ उजाडलं. आणि कायदा आल्यावर हुंड्यानेही सोंग घेतलं, त्याचं नाव झालं भेटवस्तू.

१ जून १९३४ ला कोल्हटकर गेले. दुसऱ्या वर्षी त्यांचं ‘आत्मवृत्त’ प्रसिद्ध झालं. आयुष्यभर सुदाम्याच्या आडून बोललेल्या माणसाचं हे स्वतःच्या नावाने सांगितलेलं.

‘सुदाम्याचे पोहे’ जुन्या वाचनालयात अजून मिळतं. भाषा जड आहे, पहिली चार पानं नेट लावून वाचावी लागतात, मग बंडूनाना आपोआप ओळखीचे होतात. आम्ही भिशीच्या दिवशी एकीने मोठ्याने वाचायचं आणि बाकीच्यांनी वाती वळत ऐकायचं असं सुरू केलं आहे. तीन लेख झाले. शकुन मानणाऱ्या दोघीजणी सगळ्यात जास्त हसल्या. तुम्ही मागायला गेलात तर लेखकाचं नावही सांगा. मी नुसतं पोह्यांचं पुस्तक म्हटलं होतं, तर त्या पोराने मला पाककृतीच्या कपाटाकडे धाडलं.